टीव्हीवरची नाचाची स्पर्धा, तेरा वर्षांचा भाचा आणि मुंबईचं बोलावणं : सोलापूरकरांचा सल्ला हवाय

साखरपेठची आत्या

नमस्कार मंडळी. माझ्या भाच्याने एका हिंदी वाहिनीच्या नाचाच्या स्पर्धेसाठी अ‍ॅपवर व्हिडिओ टाकला होता. तो निवडला गेलाय आणि पुढच्या फेरीला मुंबईत बोलावलंय. वाहिनीचं नाव मुद्दाम लिहीत नाही, कारण प्रश्न एका वाहिनीपुरता नाही. भाचा तेरा वर्षांचा, आठवीत. भाऊ टॉवेलच्या कारखान्यात मागावर आहे, वहिनी घरी विड्या वळते. शहराच्या पूर्व भागात अशी घरं गल्लोगल्ली आहेत, त्यात नवलाचं काही नाही.

पोरगा नाचायला शिकला तो आधी गल्लीतल्या मंडळाच्या लेझीम पथकात. गणपतीच्या आधी रात्री उशिरापर्यंत सराव चालतो, तिथे हा मोठ्यांच्या मागच्या ओळीत उभा राहायचा. पुढे अशोक चौकाकडे एका क्लासला जायला लागला. क्लास म्हणजे पत्र्याची शेड, खाली शहाबादी फरशी आणि भिंतीपलीकडे माग. माग सुरू झाले की गाणं ऐकू येत नाही. सर स्पीकर वाढवत बसत नाहीत, पोरांना तोंडाने काउंट (एक-दोन-तीन-चार) म्हणायला लावतात. त्यामुळे गाणं मध्येच बंद पडलं तरी या पोरांचा पाय चुकत नाही. मी स्वतः पाहिलंय.

आता अडचण. मुंबईहून त्यांच्या टीममधल्या एका मुलीचा फोन आला. नाचाबद्दल एकदोन प्रश्न विचारले आणि बाकी सगळा वेळ घराबद्दल. आई विड्या वळते हे कळल्यावर तर तिचा उत्साह एकदम वाढला. ‘आई विड्या वळताना शेजारी बसून तो अभ्यास करतो असं शूट करू’, ‘पैशांअभावी क्लास सोडावा लागला होता का?’, ‘त्याच्याबद्दल बोलताना आईला रडू येतं का?’ असं सगळं. वहिनीने क्लासची फी एकदाही थकवलेली नाही. ती म्हणाली, ‘मी काम करते, कामाचे पैसे मिळतात. रडायचं कशाला?’

पोराने जावं असं मला मनापासून वाटतं. पण त्याने नाचणारा म्हणून जावं, बिचारा म्हणून नाही. कोणी गेलंय का अशा स्पर्धेत? घरचं काय दाखवायचं हे आपण ठरवू शकतो का? आणि शाळा, शूटिंगचे तास, कागदपत्रं यांचं काय? भाऊ-वहिनीला मराठी वाचता येतं, पण करारातलं इंग्रजी आमच्यापैकी कोणालाच झेपणार नाही.

जुळे_सोलापूर

अभिनंदन! भाच्याला माझ्याकडून शाबासकी सांगा. वाचतेय.

पार्कचौक_कट्टा

आत्या, पाठवा की ओ! लोकं उगं घाबरूलालेत. आमच्या गल्लीतलं पोरगं एवढं भारी नाचतंय, पण घरच्यांनी कधी स्टेशन ओलांडू दिलं नाही त्याला. आता मोबाईलच्या दुकानात बसूलालाय. रात्रीच्या सिद्धेश्वर एक्स्प्रेसला बसवा आणि सोबत कोणीतरी घरचं माणूस जावा, एवढंच सांगतो. रडायचं नसेल तर रडू नका, त्यात काय!

तालीम_ते_स्टेज

मी सोलापुरात नाच शिकवतो, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

आधी लेझमीबद्दल. आत्या, तुम्ही ते सहज लिहून गेलात, पण तुमच्या भाच्याचं खरं भांडवल ते आहे. लेझमीत गुडघे वाकवून अर्ध्या बैठकीत राहायचं, पाय बदलत पुढे सरकायचं, हात डोक्यावर गेला तरी कंबर तालात ठेवायची आणि हलगी जिथे थांबते तिथे सगळ्या पथकाने एकदम थांबायचं. हिपहॉपमध्ये ज्याला ग्रूव्ह म्हणतात तो खालच्या बैठकीतूनच येतो. शहरी क्लासमधली पोरं ही बैठक वर्षानुवर्षं शिकतात, आपल्या पोरांना ती विसर्जनाच्या मिरवणुकीतच मिळते. तरी ऑडिशन आली की आमचेच काही सहकारी म्हणतात, ते गावठी सोड, दोन बॅकफ्लिप टाक. मला हे अजिबात पटत नाही. बॅकफ्लिप मारणारी पोरं परीक्षकांनी दिवसभर पाहिलेली असतात.

आता टीव्हीचं. ‘बूगी वूगी’ १९९६ साली सोनीवर सुरू झालं तेव्हा पोरं घरीच नाच बसवून जायची, जावेद जाफरी, नावेद जाफरी आणि रवी बेहल बघायचे, दाद द्यायचे, विषय संपला. २००९ला झी टीव्हीवर ‘डान्स इंडिया डान्स’ आलं आणि चित्र बदललं. रेमो डिसूझा, गीता कपूर, टेरेन्स लुईस हे परीक्षण करायचे तसे शिकवायचेही. कंटेम्पररी, लॉकिंग, पॉपिंग हे नाचाच्या शैलींचे शब्द आमच्या सोलापुरातल्या क्लासमध्ये तिथूनच आले, हे उपकार मी विसरणार नाही. त्याच काळात मराठीत ‘एका पेक्षा एक’ होतं, सचिन पिळगांवकर महागुरू. त्या कार्यक्रमांमुळे नाच म्हणजे फक्त वरातीत आणि गॅदरिंगला, ही आईबापांची समजूत मोडली.

जिंकण्याचं फार मनावर घेऊ नका. ‘डान्स इंडिया डान्स’चा पहिला विजेता सलमान युसूफ खान, दुसऱ्या सीझनची विजेती शक्ती मोहन. पण त्याच दुसऱ्या सीझनमध्ये धर्मेश येलांडे होता. तो जिंकला नाही, आणि २०२०मध्ये सोनी मराठीच्या ‘महाराष्ट्राज बेस्ट डान्सर’ला परीक्षकाच्या खुर्चीत बसला. पुण्याची सौम्या कांबळे ‘इंडियाज बेस्ट डान्सर’चा दुसरा सीझन जिंकली, २०२२च्या जानेवारीत. तिने बेली डान्सची आपली शैली सोडली नाही, तिच्यावरच बाकीचं चढवत गेली.

ऑडिशनला दीडेक मिनिट मिळतं. सुरुवात त्याने लेझमीच्या बैठकीतून करावी, हातात लेझीम नसली तरी चालेल. तिथून पॉपिंगमध्ये जावं. त्याच्या सरांना हे वाचून दाखवा, त्यांना लगेच कळेल मी काय म्हणतोय ते.

गोरेगाव_मुक्कामी

मूळचा सोलापूरजवळच्या बाळे गावचा, गेली काही वर्षं मुंबईत अशाच कार्यक्रमांच्या निर्मितीत काम करतोय. पडद्यामागची बाजू सांगतो.

नाचाआधी घरची जी छोटी फिल्म दाखवतात तिला आम्ही एव्ही म्हणतो. नाच दीड-दोन मिनिटांचा असतो आणि भाग तासाच्या वरचा. मधली जागा परीक्षकांचं बोलणं, पाहुणे आणि एव्ही यांनी भरते. दर गुरुवारी बार्कचे (टीव्ही किती लोक बघतात ते मोजणाऱ्या संस्थेचे) आकडे येतात आणि कुठल्या मिनिटाला लोक टिकले, कुठे चॅनल बदललं, यावर पुढचे भाग बेतले जातात. आईच्या डोळ्यांत पाणी आलं की लोक थांबतात, हा आमच्याकडचा ठाम समज आहे. फोन करणारी मुलगी दुष्ट नसते. तिला दिवसाला अनेक घरांशी बोलायचं असतं आणि संध्याकाळी वरच्याला ‘स्टोरी काय’ याचं उत्तर द्यायचं असतं. तिच्याकडे उत्तर नसेल तर तुमच्या पोराचं नाव यादीत खाली सरकतं. हे बरोबर आहे असं मी म्हणत नाही, पण असं होतं.

म्हणून नुसतं ‘हे नको’ म्हणू नका, त्याऐवजी काय दाखवायचं ते तुम्हीच पुढे करा. तुम्ही वर लिहिलंय ना, माग सुरू झाले की पोरं तोंडाने काउंट म्हणतात? आत्या, ते वाचून मी ताठ बसलो. तो प्रसंग कुठल्याही रडण्यापेक्षा पडद्यावर भारी दिसेल. मागाचा आवाज, पोरांचा आवाज आणि त्यात लेझीम. ईमेल करा: आम्ही क्लास, माग, लेझीम पथक आणि घर दाखवायला तयार आहोत, आईचं काम ती करते तसं दाखवायला हरकत नाही, मात्र रडण्याचा किंवा न घडलेला प्रसंग आम्ही शूट करणार नाही. फोनवर बोललेलं विसरलं जातं, ईमेल विसरली जात नाही.

आणखी एक. शूटिंगला ‘परत एकदा बोला, जरा हळू’ असं सांगतात. पोरं दमतात आणि जे सांगाल ते बोलून टाकतात. सोबत गेलेल्या मोठ्या माणसाने मॉनिटरच्या जवळ उभं राहायचं, सेटवर चहा पीत बसायचं नाही.

मोहोळची_आई

माझं मत वेगळं आहे, राग मानू नका.

माझी मुलगी काही वर्षांपूर्वी एका वाहिनीच्या अशाच स्पर्धेत बऱ्यापैकी पुढे गेली. आमच्याकडे तेव्हा खरंच ओढग्रस्त होती, तिचे वडील नुकतेच गेले होते. एव्हीत ते दाखवलं. मी रडले, कारण मला रडू आलं. नातेवाइकांनी नावं ठेवली की बाई टीव्हीवर पदर पसरतेय. पण तो भाग बघून एका गृहस्थांनी तिची बारावीपर्यंतची फी भरली, आणि आम्हाला कधी ते जाणवूही दिलं नाही. आज ती पदवीला आहे, लहान मुलांना नाच शिकवते.

दुःख खरं असेल तर ते सांगण्यात कमीपणा नाही. लाज वाटावी ती खोटं सांगण्याची. तुमच्या वहिनीला रडू येत नसेल तर तिने रडू नये, हे शंभर टक्के बरोबर. पण ज्या घरात खरंच रडू आहे त्या घराला नाचाचा सौदा केला म्हणू नका, एवढीच विनंती.

बाकी अनुभव सांगायचा तर तिथे जेवण वेळेवर मिळायचं नाही. शेंगाचटणी आणि कडक भाकरी बांधून न्या, टिकते. आणि पोरीच्या पायाला पट्टी बांधलेली असताना नाचवलं गेलं, त्याचं दुखणं नंतर कितीतरी दिवस निस्तरलं. तिथे मी गप्प बसले, कारण सगळेच गप्प होते. तुम्ही बसू नका.

साखरपेठची आत्या

मोहोळच्या ताई, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. राग कसला! तुमचं म्हणणं मान्य आहे. खरं असेल ते सांगावं, हेच माझंही म्हणणं आहे. आमच्या घरात सध्या रडण्यासारखं काही नाही, उलट पोरगा निवडला गेला म्हणून गल्लीत पेढे वाटलेत. ते दाखवायला कोणी विचारत नाही याचं मला वाईट वाटतं. वहिनी मांडीवर सूप घेऊन बसते, ओल्या फडक्यातली पानं काढते, पत्र्याच्या फर्म्यावर कापते आणि बोलता बोलता विड्यांची जुडी करून टाकते. तिच्या हाताचा वेग बघितला तर पोराच्या अंगात ताल कुठून आला ते कळेल. ते काम म्हणून दाखवा की!

गोरेगावचे दादा, ईमेलचा मजकूर व्यनि (व्यक्तिगत निरोप) कराल का?

कोर्टाच्या_पायऱ्या

कायद्याचं मी सांगतो. वकिली करतो, कामगारांची प्रकरणं बघतो.

बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली. चौदा वर्षांखालच्या मुलांना कामाला ठेवायला बंदी आहे, पण कलाकार म्हणून काम करायला अटींवर सूट आहे. त्या अटी २०१७च्या नियमांत आहेत आणि त्या निर्मात्यावर बंधनकारक आहेत. जिथे शूटिंग आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने आधी घ्यायची. मुलाला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम नाही. शाळा बुडू नये याची व्यवस्था निर्मात्याने करायची. जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमायची. मुलाच्या कमाईतली किमान वीस टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावावर मुदत ठेवीत ठेवायची, ती त्याला सज्ञान झाल्यावर मिळते. पालकांची संमती लागते आणि मुलाच्या इच्छेविरुद्ध काही करून घेता येत नाही.

तुमचा भाचा तेरा वर्षांचा आहे म्हणजे हे सगळं त्याला आज लागू आहे. स्पर्धा लांबली आणि मध्येच त्याला चौदा पूर्ण झाली तर हे संरक्षण आपोआप पुढे चालू राहील असं धरू नका. म्हणून तास, विश्रांती आणि शाळा यांच्या अटी करारातच लिहून घ्या.

अज्ञानाशी (म्हणजे अठरा वर्षांखालच्याशी) केलेला करार आपल्याकडे चालत नाही, म्हणून सही पालकांची घेतात. म्हणजे भावाची सही ही नुसती औपचारिकता नाही, तो स्वतः बांधला जातो. कार्यक्रम संपल्यावर किती काळ दुसरीकडे नाचायला बंदी आहे, ते कलम शोधा. त्यात ‘सार्वजनिक कार्यक्रम’ असे शब्द असतील तर उद्या गल्लीतल्या मंडळापुढे नाचण्यावरही बोट ठेवता येईल. करार आला की सही करण्याआधी मला दाखवा, पैसे नकोत. व्यनि करा.

हाडवैद्य_नव्हे_फिजिओ

मोहोळच्या ताईंनी पायाचं लिहिलं म्हणून लिहिते. शहाबादी फरशीवर रोज उड्या आणि गुडघ्यावर घसरणं हे तेरा-चौदाच्या वयात धोक्याचं आहे. या वयात हाडं भराभर वाढतात, आणि मांडीचा स्नायू जिथे गुडघ्याच्या वाटीखाली हाडाला चिकटतो तिथे दर उडीला ताण बसतो. वाटीखाली टेंगूळ येतं, दाबलं की दुखतं, जिना उतरताना दुखतं. माझ्याकडे येणाऱ्या नाचणाऱ्या आणि कबड्डी खेळणाऱ्या पोरांत हे सर्रास दिसतं. वाढ थांबली की बहुतेकांचं बरं होतं, पण तोवर उड्या कमी कराव्या लागतात, आणि ऑडिशनच्या तोंडावर नेमक्या त्याच वाढवल्या जातात.

स्टुडिओत लाकडी जमीन असते, तिच्याखाली थोडी पोकळी ठेवलेली असते, ती धक्का खाते. आपल्याकडे तसं नाही. निदान एकमेकांत अडकणाऱ्या फोमच्या जाड मॅट घाला, गुडघ्याला पॅड लावा आणि अनवाणी उड्या बंद करा. सरावाआधी मांडीचे आणि पोटरीचे स्नायू नीट मोकळे करून घ्या. दुखत असेल तर स्प्रे मारून नाचू नये. हे मी हात जोडून सांगते.

गड्ड्याची_वाट

मी सत्तरीतला माणूस. मला या स्पर्धाच आवडत नाहीत. आठ-आठ वर्षांच्या पोरींना मोठ्यांच्या गाण्यांवर नको ते हावभाव करायला लावतात आणि आईबाप खाली बसून टाळ्या वाजवतात. २०१९च्या जूनमध्ये केंद्राच्या माहिती-प्रसारण मंत्रालयाला वाहिन्यांना लेखी सूचना द्यावी लागली होती की मुलांना अशा रीतीने दाखवू नका. सरकारला सांगावं लागतं म्हणजे काय पातळी असेल, विचार करा.

तालीम_ते_स्टेज

काका, त्या मुद्द्यावर मी तुमच्या बाजूने आहे. गाणं कोणतं हे बऱ्याचदा वाहिनी ठरवते, कारण हक्क घेतलेल्या गाण्यांची यादी तिच्याकडे असते. पण यादीत शंभर गाणी असतात, त्यातलं वयाला शोभेल असं मागता येतं. मी माझ्या मुलींसाठी मागितलंय आणि मिळालंय. स्पर्धाच नको म्हटलं तर आपल्या पोरांनी बघायचं कुठे आणि शिकायचं कोणाकडून? सोलापुरात हुतात्मा स्मृती मंदिरात कार्यक्रम होतात, विद्यापीठाचा युवा महोत्सव होतो, पण तिथवर पोचायला पोरगं कॉलेजात जावं लागतं. आठवीतल्या पोराला टीव्हीशिवाय दुसरं दार आज तरी उघडं नाही. ते आपण उघडायला हवं, हे मान्य.

गड्ड्याची_वाट

हे पटलं. पोराला माझे आशीर्वाद सांगा. लेझीम सोडू नकोस म्हणावं.

विजापूररोड_अनु

सगळ्यांसाठी सावधगिरीची सूचना. निवड झाल्याची बातमी पसरली की ‘थेट मेगा ऑडिशनला घालतो, नोंदणीचे एवढे भरा’ असे फोन येतात. आमच्या ओळखीत एका घराने भरलेही. मोठ्या वाहिन्या ऑडिशनसाठी पैसे घेत नाहीत, त्यांच्या जाहिरातीतच तसं लिहिलेलं असतं. कोणी यूपीआयचा कोड पाठवला तर फोन ठेवून द्या.

साखरपेठची आत्या

मंडळी, पुढची हकिगत सांगते.

गोरेगावच्या दादांनी दिलेला मजकूर भावाच्या नावाने ईमेल केला. आधी उत्तर आलं नाही. मग त्या मुलीचाच फोन आला. म्हणाली, मागाचं आणि काउंटचं वरच्यांना आवडलंय, क्लासमध्ये येऊन शूट करायचं म्हणतायत. वहिनीने स्वतः फोन घेतला आणि सांगितलं, ‘मी विड्या वळताना घ्या, पण मला काय विचारायचं ते माझ्या कामाचं विचारा.’ ती मुलगी हो म्हणाली. प्रत्यक्षात काय होतं ते बघू, पण हो म्हणाली आहे आणि ते लेखी आलंय.

कराराचा मसुदा वकीलसाहेबांना पाठवलाय. त्यांनी नंतरच्या बंदीचं कलम आणि तासांची अट यावर खुणा करून दिल्यात. दुरुस्ती झाल्याशिवाय भाऊ सही करणार नाही. असं केल्याने संधी गेली तर? घरात यावर बराच वाद झाला. भाचा म्हणाला, ‘आत्या, गेली तर गणपतीत नाचू.’ तो हे मनापासून म्हणाला की आम्हाला धीर द्यायला, मला सांगता येणार नाही. त्याला जायचंय, खूप जायचंय, हे आम्हा सगळ्यांना दिसतं. म्हणूनच कागद नीट करून पाठवायचंय.

सोबत मी जाणार. सकाळच्या वंदे भारतने दादरला उतरायचं ठरलंय, रात्रभर जागून पोराने दुसऱ्या दिवशी नाचायला नको.

सरांनी नाचाची सुरुवात बदलली. लेझमीच्या बैठकीतून उठतो आणि मग पॉपिंग. फिजिओताई, उड्या कमी केल्यात, पॅड आणलेत. मॅटचं मात्र अडलंय, सगळ्या शेडला घालायच्या तर खर्च मोठा आहे आणि सर एकटे करू शकणार नाहीत.

विजापूररोड_अनु

आत्या, आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये योगवर्गासाठी घेतलेल्या जाड मॅट आहेत, दुपारी चार ते सहा हॉल रिकामा असतो. कमिटीत मी विचारलंय, मुंबईला जाईपर्यंत वापरायला कोणाची हरकत नाही. क्लासमधली बाकीची पोरंही आली तर चालतील, फक्त आवाज सहाला बंद. पत्ता व्यनि करते.

पार्कचौक_कट्टा

पोरांना आणायला-न्यायला माझी छोटा हत्ती हाय, मागं ताडपत्री टाकून बसवतो. डिझेलचं बघू नंतर.

कोर्टाच्या_पायऱ्या

मालवाहू गाडीत पोरं बसवू नका, ते बेकायदेशीर आहे. माझी गाडी आहे, पाच जण मावतात. उरलेल्यांसाठी कोणी पुढे या.

हाडवैद्य_नव्हे_फिजिओ

मी येते माझी गाडी घेऊन. आल्यासारखं सगळ्यांचे गुडघेही बघून घेते.

साखरपेठची आत्या

व्यनि मिळाला अनुताई. सोमवारपासून येतो. सरांसकट नऊ जण आहेत, दोन गाड्यांत बसतील. काउंट तोंडानेच म्हणणार, सर म्हणतायत स्पीकर लागणारच नाही.